'ग्लास'ला डॉक्युमेंटरी का म्हणायचं?

प्रश्न : डच दिग्दर्शक बेर्ट हानस्ट्राची 'ग्लास' (१९५८) ही छोटी फिल्म पाहिली. मजा आली, पण निवेदन नाही, काच कशापासून बनते ते नाही, वर जॅझ लावलंय. मग ही डॉक्युमेंटरी कशी, आणि ऑस्कर कशाबद्दल?

उत्तर : अहो, माहिती देणारी फिल्म त्याने वेगळी केलीय ना! नेदरलँड्समधल्या लेर्डामच्या काच कारखान्यासाठी त्याला प्रसिद्धीपट करायचा होता, तो त्याने रीतसर केला आणि त्याच कामातून ही दुसरी निघाली, जेमतेम अकरा मिनिटांची, अगदी मनासारखी. समजावून सांगायचं काम तिकडे उरकलेलं, म्हणून इथे तो मोकळा सुटलाय असं मला तरी वाटतं.

आता त्या नळीने काच फुंकणाऱ्या कारागिरांचे शॉट आठवा. गाल फुगलेत, नळी तोंडाला, बोटं नळी फिरवतायत, आणि मागे पिम याकोब्सच्या बँडचं जॅझ, की बघताबघता वाटायला लागतं हे लोक काच नाही, सॅक्सोफोनच वाजवतायत! यात खोटं काही नाही, माणसं खरी, काम खरं, फक्त कुठला शॉट कधी कापायचा हे तालावर ठरलंय. मग बाटल्यांचा ऑटोमॅटिक कारखाना येतो तेव्हा आवाजही यांत्रिक होतात, आणि एक फुटकी बाटली मध्ये अडकते, मशीनच्या हाताला ती उचलता येत नाही, मागच्या बाटल्या धडाधड पडत राहतात आणि मशीनला त्याचा पत्ताच नाही, शेवटी माणूस येऊन ती काढतो. निवेदकाने दहा वाक्यं बोलून जे सांगितलं असतं ते इथे हसताहसता कळतं. १९६०च्या सोहळ्यात लघु माहितीपटाचं ऑस्कर मिळालं ते ह्या असल्या कारागिरीला, असं मी म्हणेन.

माझी तक्रार वेगळीच आहे. भट्टीसमोरची धग, पाळ्या, पगार, यातलं काहीच दिसत नाही, सगळं कसं देखणं आणि मजेचं. आणि मशीनवर जरा अन्यायच केलाय, रोजच्या वापरातल्या बाटल्या शेवटी तिथेच बनतात की!

परत बघाल तेव्हा पहिली चार-पाच मिनिटं आवाज म्यूट करून बघा, म्हणजे संगीत किती काम करतंय आणि एडिटिंग किती, ते तुमचं तुम्हालाच कळेल.