‘डंक’ म्हणजे डंख नव्हे, डंका तर नव्हेच

प्रश्न असा: बास्केटबॉलमधल्या ‘स्लॅम डंक’ला, म्हणजे उडी मारून चेंडू हातानेच वरून बास्केटच्या कडीत घालण्याला, ‘आपटफेक’ म्हणावं का, आणि त्यातला ‘डंक’ आपल्या ‘डंखा’चा कोण लागतो?

कोणी नाही! समालोचक ‘डंका वाजवला’ म्हणतात, मथळ्यांत ‘डंख मारला’ छापून येतं, आणि दर वेळी माझं डोकं फिरतं. ‘स्लॅम’ म्हणजे आदळणं, तिथे थांबायला नको. खरी गंमत ‘डंक’मध्ये आहे.

हे क्रियापद पेनसिल्व्हेनियात वसलेल्या जर्मनांच्या बोलीतून इंग्रजीत आलं. अर्थ बुडवणं. १९३६ साली न्यूयॉर्क टाइम्सच्या आर्थर डेली यांनी सहा फूट आठ इंची अमेरिकी खेळाडू जो फोर्टनबेरी आणि त्याचे साथीदार उडी मारून चेंडू वरून खाली कडीत घालताना पाहिले आणि लिहिलं, कॅफेटेरियातलं गिऱ्हाईक पाव कॉफीत बुडवतं तसंच हे. त्याच वर्षी फोर्टनबेरी बर्लिनहून ऑलिंपिकचं सुवर्णपदक घेऊन आला. ‘डंक’च्या आधी ‘स्लॅम’ जोडण्याचं श्रेय लेकर्स या लॉस एंजेलिसच्या बास्केटबॉल संघाचे समालोचक चिक हर्न यांना देतात, पण ते पुष्कळ नंतरचं.

आता आणखी मागे चला. जर्मन ‘टुंकन’ हे याचं सख्खं भावंड. भिजवण्याच्या त्याच आदिधातूपासून लॅटिन ‘टिंगेरे’, म्हणजे रंगात बुडवणं, आणि त्यातून ‘टिंट’ आणि ‘टिंक्चर’! जखमेवर लावायचं टिंक्चर आणि दहा फुटांवरच्या कडीत कोंबलेला चेंडू एकाच घराण्यातले.

म्हणून ‘आपटफेक’ सुचवणाऱ्या विद्वानांशी माझं भांडण आहे. फेकीत चेंडू हातातून सुटतो, पुढचं नशीब. डंकमध्ये तो कडीपर्यंत सुटतच नाही. कडीचा व्यास ४५ सेंटिमीटर, चेंडूचा साधारण २४, त्यामुळे चेंडूमागोमाग मनगटही आत जातं. पाव बुडवणारा तो कपात फेकतो का? मराठीत नेमकं क्रियापद तयार आहे: बुचकळणं. कपडा बुचकळताना तो मुठीतच असतो आणि हातही पाण्यात जातो. ‘त्याने चेंडू बुचकळला’ म्हणून बघा, अख्खी कृती दिसते.

अमेरिकी महाविद्यालयीन स्पर्धांच्या नियमकर्त्यांनाही हा फरक कळत होता. १९६७ ते १९७६ त्यांनी डंकवर बंदी घातली, फेकी चालूच होत्या. १९७६ मध्येच डेन्व्हरच्या डंक स्पर्धेत व्यावसायिक खेळाडू ज्युलियस अर्व्हिंग फ्री थ्रोच्या, म्हणजे बास्केटच्या फळ्यापासून पंधरा फुटांवरच्या, रेषेवरून उडाला. तिथून त्याने चेंडू सोडला नाही, सोबत नेला. त्याला फेक म्हणणाऱ्यांनी ती उडी एकदा बघावी.