चेक बाउन्सच्या केसमधला दंड फिर्यादीला मिळतो का?

भाऊ, तुमच्या इतवारीतल्या गिऱ्हाईकाचा 3 लाखांचा चेक परत आला, अन् केस जिंकलो तर दंडाचे पैसे आपल्यालाच मिळतील का असं तुम्ही विचारलंय, तर आपोआप नाही मिळत. चेक बाउन्सचा जो कायदा आहे, निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स अ‍ॅक्ट, त्याच्या कलम 138 मध्ये 2 वर्षांपर्यंत कैद किंवा चेकच्या दुप्पट दंड किंवा दोन्ही, म्हणजे तुमच्या केसमध्ये दंड 6 लाखांपर्यंत, पण दंड जातो सरकारजमा, त्यातून फिर्यादीला भरपाई द्या असं कोर्टाने निकालात लिहिलं तरच पैसा हातात येतो. माझ्या मोठ्या भावाच्या निकालात शेवटच्या पानावर नुसता "दंड" शब्द होता, भरपाईची ओळच नाही, वर्षानुवर्षं तारखा करून माणूस पार खचला हो.

म्हणून वकिलाला आत्ताच सांगा, भरपाई लेखी मागा. आर. विजयन केसमध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलंच आहे की दंडातून चेकची रक्कम अन् 9 टक्क्यांच्या आसपास व्याज द्यावं.

अन् आरोपीने गुन्हा नाकबूल केला की त्याच कायद्याच्या कलम 143-अ खाली अंतरिम, म्हणजे निकालाआधीच मिळणाऱ्या भरपाईचा अर्ज टाका, चेकच्या 20 टक्क्यांपर्यंत म्हणजे 60 हजार, देणं कोर्टाच्या मर्जीवर आहे पण मागायला सोडू नका.