अपील पडून आहे, तरी दंडाची वसुली?

प्रश्न : आमची भागीदारी फर्म आहे. खरेदीचा काही खर्च नामंजूर करून प्राप्तिकर खात्याने ६ लाख रुपये कर लावला. त्याविरुद्ध अपील केले, कराचे २० टक्केही भरले. सुनावणी अजून नाही, तोच १२ लाखांचा दंड लागला. त्यावरही आयुक्तांकडे (अपील) अपील केले आहे. आता २.४० लाख भरा, नाहीतर बँक खाते जप्त करू, असे पत्र आले आहे. अपील चालू असताना वसुली होऊ शकते का? थेट हायकोर्टात जावे का?

उत्तर : वसुली होऊ शकते. अपिलाची पोच मिळाली की बरेच जण निर्धास्त होतात, पण नुसत्या अपिलाने वसुली थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते. तुमच्या पत्रात दंडावरच्या स्थगिती अर्जाचा उल्लेख नाही. केला नसेल तर हायकोर्टाचा विचार तूर्त बाजूला ठेवा आणि तो अर्ज याच आठवड्यात निर्धारण अधिकाऱ्यांकडे (तुमचा कर ठरवणारे अधिकारी) द्या. प्राप्तिकर कायदा, १९६१ च्या कलम २२०(६) खाली अपिलाचा निकाल लागेपर्यंत वादातल्या रकमेपुरते तुम्हाला थकबाकीदार न मानण्याचा अधिकार त्यांना आहे.

मागितलेले २.४० लाख म्हणजे दंडाचे २० टक्के. हा २० टक्क्यांचा आकडा कायद्यातला नाही. केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाच्या ३१ जुलै २०१७ च्या सूचनेतून तो आला आणि अधिकारी तो दगडावरची रेघ असल्यासारखा वापरतात. एलजी इलेक्ट्रॉनिक्सच्या प्रकरणात २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले, की प्रकरण पाहून अधिकारी त्याहून कमी रकमेवरही स्थगिती देऊ शकतात.

तुमचा खरा जोर मात्र दुसऱ्या मुद्द्यात आहे. ६ लाखांवर १२ लाख, म्हणजे कलम २७०अ खाली चुकीची माहिती दिल्याबद्दलचा २०० टक्के दंड दिसतो. हा दंड ज्या करावर उभा आहे, तो करच अजून वादात आहे. उद्या खर्च मंजूर झाला तर दंडाला आधारच उरत नाही, के. सी. बिल्डर्सच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये, जुन्या दंडाच्या कलमाखाली का होईना, हेच म्हटले आहे. शिवाय कलम २७५ मध्ये दंड लावण्याची मुदत अपिलाच्या निकालाशी जोडलेली आहे. प्राप्तिकर खाते थांबले असते तर त्याचे काहीच बुडत नव्हते. ही घाई मला अनाठायी वाटते आणि अर्जात तसे सौम्य शब्दांत लिहायला हरकत नाही. मूळ करावरचे २० टक्के भरल्याची चलने जोडा. पैशांची ओढाताण असेल तर बँक उतारे आणि येणी-देणी दाखवा. नुसते ‘अडचण आहे’ लिहून भागत नाही.

अर्ज फेटाळला, तर प्रधान आयुक्तांकडे जा. तिथेही दाद मिळाली नाही, अर्ज नुसता पडून राहिला किंवा एका ओळीत फेटाळला, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका करता येईल. केईसी इंटरनॅशनल (२००१) आणि यूटीआय म्युच्युअल फंड (२०१२) या प्रकरणांत याच न्यायालयाने अधिकाऱ्यांना शिस्त घालून दिली आहे : आदेश सकारण हवा, आणि अर्ज फेटाळल्यावर वरच्या दाराशी जायला वाजवी वेळ द्यायला हवा. आधीचे दरवाजे न ठोठावता गेलात, तर बहुधा परत पाठवतील. फार तर अर्जाचा निर्णय होईपर्यंत सक्तीची वसुली करू नका, एवढे संरक्षण मिळेल. कित्येकदा तेवढेच पुरते, पण त्यासाठी वकिलाची फी कशाला?

बँक खाते आधीच जप्त झाले, तर प्राप्तिकर कायद्याच्या कलम २२६(३) ची नोटीस बँकेकडून मागून घ्या आणि त्याच दिवशी वकिलाला गाठा. बँकेने पैसे प्राप्तिकर खात्याकडे वळते केले की ते परत आणणे जिकिरीचे होते.

एक खर्च आत्ताच हिशेबात धरा. स्थगिती मिळाली तरी कलम २२०(२) चे दरमहा १ टक्का व्याज थांबत नाही. अपील हरलात तर तेही भरावे लागेल. म्हणून स्थगिती मिळाली तरी अपील लवकर ऐकावे, असा अर्ज दोन्ही प्रकरणांत द्या.