वाचक विचारतात : मिशिगनचा १९०१चा हंगाम

प्रश्न : १ जानेवारी १९०२ रोजी पॅसाडिनाला मिशिगन विद्यापीठाच्या अमेरिकन फुटबॉल संघाने स्टॅनफर्डला ४९–० असं हरवलं. म्हणजे सात टचडाउन (चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेपलीकडे नेणं) आणि त्यापुढच्या सातही किक यशस्वी, असंच ना?

उत्तर : नाही. सात साते एकोणपन्नास हा आजच्या नियमांचा हिशेब आहे, इथे तो केवळ योगायोगाने जुळतो. त्या वेळी टचडाउनला ५ गुण होते, त्यानंतरच्या किकला १, फील्ड गोलला (खेळ चालू असताना चेंडू लाथेने गोलखांबांमधून मारणं) ५ आणि सेफ्टीला (प्रतिस्पर्ध्याला चेंडूसह त्याच्याच गोलरेषेमागे पकडणं) २. मिशिगनने ८ टचडाउन केले (४०), ४ किक साधल्या (४) आणि एक फील्ड गोल मारला (५). पाच टचडाउन तर एकट्या नील स्नोचे. फील्ड गोलचे गुण १९०४मध्ये ४ आणि १९०९मध्ये ३ झाले, तर टचडाउनला ६ गुण मिळू लागले ते १९१२पासून. त्यामुळे जुना धावफलक वाचताना आधी साल पाहा, मगच बेरीज करा.

प्रश्न : एवढा बलाढ्य संघ आठपैकी चार किक कशा चुकवतो?

उत्तर : आज ही किक गोलखांबांच्या समोरून मारतात. तेव्हा टचडाउन जिथे झाला, तिथूनच चेंडू गोलरेषेला काटकोनात सरळ मैदानात आणावा लागे. खांब गोलरेषेवरच, त्यांच्यातलं अंतर १८ फूट ६ इंच, आडवी दांडी १० फुटांवर. धावपटू कोपऱ्यात रेषा ओलांडून गेला, की कोन इतका तिरपा होई की खांबांमधली फट जेमतेम दिसे. मागे जावं तर कोन सुधारे, पण अंतर वाढे.

दुसरा मार्ग पंट-आउटचा : गोलरेषेमागून आपल्याच गड्याकडे चेंडू उडवायचा, त्याने खांबांसमोर तो अलगद झेलायचा आणि तिथून किक मारायची. झेल सुटला तर संधीच गेली. शिवाय किकच्या वेळी एक जण पालथा पडून चेंडू जमिनीपासून किंचित वर धरून ठेवी, किक मारणारा सांगेल तसा फिरवी आणि मग टेकवी. चेंडू टेकला रे टेकला, की प्रतिस्पर्धी गोलरेषेवरून धावून येत. टेकवणं आणि लाथ मारणं यांत क्षणाचा उशीर झाला तरी किक अडवली जाई. अशा स्थितीत निम्म्या किक लागणं ही कामगिरी वाईट नाही.

प्रश्न : अकरा सामन्यांत ५५०–० हे खरंच शक्य होतं? फॉरवर्ड पासही (चेंडू हाताने पुढे फेकणं) नव्हता म्हणतात.

उत्तर : आकडा खरा आहे. फॉरवर्ड पासला परवानगी मिळाली १९०६मध्ये. १९०१मध्ये मैदान ११० यार्डांचं होतं आणि तीन डाउनमध्ये (प्रयत्नांत) ५ यार्ड पुढे सरकायचं असे. पाच यार्ड हे माणसांच्या रेट्याने मिळणारं अंतर आहे. जड, सराव झालेली फळी ते पुन्हापुन्हा मिळवी आणि चेंडू हातचा जातच नसे. त्यात ज्याच्यावर गुण झाले त्या संघानेच किकऑफ (खेळ पुन्हा सुरू करणारी लाथ) करायचा असे, म्हणजे टचडाउन करणाऱ्याकडेच चेंडू परत. बफेलोविरुद्धचा १२८–० निकाल या नियमाशिवाय समजत नाही.

प्रशिक्षक फील्डिंग योस्ट यांचा भर वेगावर होता. गडी उठून उभे राहण्याआधीच पुढच्या चालीचा इशारा दिलेला असे, म्हणून थकलेल्या संघाला सावरायला वेळ मिळत नसे. स्टॅनफर्डने तर आठ मिनिटं शिल्लक असतानाच सामना थांबवायला सांगितलं. मिशिगनचे तेच अकरा गडी शेवटपर्यंत खेळले होते.

पण बफेलोवरच्या १२८ किंवा बेलॉइटवरच्या ८९ गुणांवरून संघाची पारख करू नये. खरी ताकद दिसते ती ओहायो स्टेटवर २१–०, कार्लाइल आणि शिकागो यांच्यावर प्रत्येकी २२–० या निकालांत. आपल्याला त्या हंगामातलं सगळ्यात मोठं कौतुक वाटतं ते उजवीकडच्या शून्याचं.

प्रश्न : ही घोडदौड कधी थांबली?

उत्तर : ३० नोव्हेंबर १९०५ला, शिकागोत, ०–२ अशी. मिशिगनचा गडी पंट (प्रतिस्पर्ध्याने हातातून सोडून लाथेने उडवलेला चेंडू) परत आणताना स्वतःच्याच गोलरेषेमागे पकडला गेला आणि सेफ्टी झाली. त्याआधी सलग ५६ सामने हार नव्हती. बरोबरी फक्त एक, १९०३मध्ये मिनेसोटाशी ६–६.

प्रश्न : काही याद्यांत १९०१चा विजेता हार्वर्ड दिसतो. चूक कोणाची?

उत्तर : कोणाचीच नाही. राष्ट्रीय विजेता ठरवणारी स्पर्धा नव्हती, पत्रकारांची मतचाचणीही १९३६पासूनची. हार्वर्डनेही त्या वर्षी बाराच्या बारा सामने जिंकले, येलला २२–० हरवलं आणि मिशिगनशी त्यांची गाठ पडली नाही. ही विजेतेपदं निवड करणाऱ्यांनी नंतर मागे वळून दिलेली आहेत, तेव्हा यादीसोबत ती कोणी केली हेही पाहावं.