गाडी सापडलीच नाही तर?

प्रश्न : पहाटे सासवडहून भाजी आणताना टेम्पोने ह्यांना उडवलं. जागीच गेले. टेम्पोचा नंबर कुणी पाहिला नाही. दीर म्हणतात, गाडीच नाही तर दावा कुणावर करणार? – एक वाचक, पुणे जिल्हा

उत्तर : ताई, दिरांचं अर्धंच खरं. वाहन अज्ञात असलं तरी 2022 च्या ‘हिट अँड रन’ (धडक देऊन पळालेल्या वाहनाच्या अपघातांसाठीच्या) भरपाई योजनेत मृताच्या वारसांना 2 लाख रुपये मिळतात. पूर्वी 25 हजारच होते, तेव्हा लोक फिरकायचेही नाहीत. अर्ज प्रांत किंवा तहसील कचेरीत द्या. एफआयआर, शवविच्छेदन अहवाल, पासबुक जोडा. वकील लागत नाही. दारात घोटाळणाऱ्या एजंटाला तर दमडीही देऊ नका. पोलिसांकडे तपासाची चौकशी मात्र सोडू नका. टेम्पो सापडला तर मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात जाता येतं. तिथे तुमच्या यजमानांचं वय, कमाई धरून भरपाई ठरते. त्यातून हे 2 लाख वळते होतात. म्हणून कमाईच्या पुराव्यासाठी अडत्याच्या पावत्या जपून ठेवा.