कुंडीतल्या एशियाटिक लिलीची फुलं तीन दिवसांत मलूल होतात, ती जास्त टिकावीत म्हणून काय करावं?

सगळ्यात आधी परागकोश काढा. कळी उमलली की आतल्या तंतूंच्या टोकाला केशरी-तपकिरी पिशव्या दिसतात. त्या फुटून पूड सुटायच्या आत चिमटीने अलगद खुडायच्या. परागीभवन झालं की फूल लवकर कोमेजतं, ते यामुळे टळतं. शिवाय पाकळ्यांवर आणि कपड्यांवर डाग पडत नाहीत.

दुसरं कारण बहुधा ऊन असेल. लिलीला सकाळचं ऊन हवं, दुपारचं नको. कळ्या रंगायला लागल्या की कुंडी पूर्वेच्या बाल्कनीत हलवा. पाणी मातीत घाला, फुलांवर नको, आणि कुंडीच्या तळाशी पाणी साचू देऊ नका, कंद कुजतो.

पुढच्या वेळी कंद थंडीच्या तोंडावर, ऑक्टोबर-नोव्हेंबरात, १० ते १५ सेंमी खोल लावा. कंदाच्या वर, दांड्यालाही मुळं फुटतात, म्हणून ही खोली महत्त्वाची.

फुलदाणीसाठी पहिली कळी रंगताच दांडा कापा, पण एक तृतीयांश भाग पानांसकट झाडावर राहू द्या. पुढच्या वर्षीचा कंद त्याच पानांवर पोसतो. पाणी दर दोन दिवसांनी बदला. जवळ पिकलेली केळी किंवा आंबे ठेवू नका, त्यांच्यातून निघणाऱ्या इथिलीन वायूने फुलं लवकर उतरतात.

घरात मांजर असेल तर मात्र ही लिली आणूच नका. तिचे परागकण चाटले तरी मांजराचं मूत्रपिंड निकामी होऊ शकतं.