प्राचीन भारतीयांनी इतिहास लिहिलाच नाही, हे खरं का? इतिहासकार रोमिला थापर यांचं 'द पास्ट बिफोर अस' वाचावं का?

खरं नाही. आणि पुस्तक जरूर वाचा, फक्त पहिल्या पानापासून नको. 'द पास्ट बिफोर अस' (२०१३) चांगलंच जाडजूड आहे आणि सुरुवातीचं सैद्धांतिक विवेचन पचायला जड. थेट पुराणांतल्या वंशानुचरितावर, म्हणजे राजवंशांच्या हकिकतींवर, या. विष्णुपुराणात भारतीय युद्धापर्यंत, म्हणजे महाभारतातल्या युद्धापर्यंत, सूर्यवंश-चंद्रवंशाच्या पिढ्यांमागून पिढ्या येतात. युद्धानंतर सूर बदलतो: मगधाची राजघराणी, राज्याची वर्षं, आणि सगळं भविष्यकाळात, अमका राजा होईल, इतकी वर्षं राज्य करील. कुळांची सत्ता मागे पडून राज्यं उभी राहिली, तसा भूतकाळ सांगायचा साचाही बदलला, हे थापरबाई तिथे दाखवतात. मग बाणाचं हर्षचरित (राजा हर्षाचं चरित्र) आणि कल्हणाची राजतरंगिणी (काश्मीरच्या राजांचा इतिहास) यांवरची प्रकरणं घ्या.

तुमचा प्रश्न मला लागला, कारण एम. ए.ला आमच्या सरांनी हेच वाक्य नोट्समध्ये उतरवून दिलं होतं: भारतीयांना इतिहासदृष्टी नव्हती. ब्रिटिश इतिहासकार जेम्स मिलने १८१७ मध्ये भारतात पाऊलही न टाकता जे लिहिलं, तेच आम्ही परीक्षेत लिहायचं! मी नाशिकची. पांडवलेण्यांवर लहानपणापासून जातेय. मी उभी राहिले आणि म्हटलं, सर, मग तिसऱ्या लेण्यातला गौतमी बलश्रीचा लेख काय आहे? तिचा नातू राजा पुळुमावी याच्या राज्याचं १९वं वर्ष, ग्रीष्माचा दुसरा पक्ष, १३वा दिवस, अशी तिथी घालून एक आई आपल्या गेलेल्या मुलाची, सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णीची, कारकीर्द कोरून घेते. असिक, असक, मुळक, अपरांत, विदर्भ असे प्रदेश एकेक करून सांगते. क्षहरातांचा, म्हणजे शत्रू असलेल्या क्षत्रप घराण्याचा, वंश त्याने निःशेष केला म्हणते. स्वतःला महाराजमाता आणि महाराजपितामही म्हणवते. सर म्हणाले, "ती स्तुती आहे, इतिहास नाही. बसा." वर्ग हसला.

स्तुती आहेच की! पण १९०६ मध्ये नाशिक जिल्ह्यातच जोगळटेंभीला १३ हजारांहून जास्त चांदीची नाणी सापडली. सगळी क्षहरात राजा नहपानाची, आणि त्यांतल्या दोन तृतीयांशांहून अधिक नाण्यांवर गौतमीपुत्राने स्वतःचा ठसा पुन्हा मारलेला. म्हणजे आईने दगडावर जे कोरलं, त्याची साक्ष लेकाच्या टांकसाळीने दिली. हे सरांना माहीत नसेल असं मला वाटत नाही. नोट्स बदलायच्या नव्हत्या, एवढंच.

दुसरा ठरलेला आक्षेप असा की आपला काळ चक्राकार, युगांचा, म्हणून इतिहास शक्य नव्हता. त्यावर थापरबाईंचं 'टाइम अ‍ॅज अ मेटाफर ऑफ हिस्ट्री' (१९९६) हे छोटं पुस्तक वाचा. चक्राकार आणि सरळ रेषेतला काळ इथे शेजारी शेजारी नांदत होते, असं त्या मांडतात. कर्नाटकातल्या ऐहोळेच्या शिलालेखात चालुक्य राजा दुसरा पुलकेशी याचा कवी रविकीर्ती भारतीय युद्धापासूनची ३७३५ वर्षंही सांगतो आणि शक ५५६ही. ज्याला दोन्ही हिशोब एका श्वासात मांडता येतात, त्याला काळाचं भान नव्हतं म्हणणाऱ्याने तो लेख वाचलेलाच नसतो.

हो, एक राहिलं. 'द पास्ट बिफोर अस'चा रोख उत्तर भारतावर आहे, उपशीर्षकातच तसं म्हटलंय. दख्खनसाठी वा. वि. मिराशींचं सातवाहन आणि पश्चिमी क्षत्रपांवरचं मराठी पुस्तक सोबत ठेवा, त्यात कोरीव लेख आहेत. आणि थापरबाईंची राजकीय मतं पटत नाहीत म्हणून पुस्तक टाळत असाल तर टाळू नका. मलाही त्यांचं सगळं पटत नाही. पण पुढच्या वेळी कुणी "ती नुसती स्तुती" म्हणून तुम्हाला खाली बसवायला लागलं, तर बसू नका. स्तुती कुणी केली, कुणासाठी केली आणि त्याच वर्षी का केली, हे त्यालाच विचारा.